लोकांकडे पाठवलेला दूत

मी गाव सोडलं त्या सकाळी बाबांना दवंडी द्यायची होती. दोन्ही कामं त्यांनी एकाच फेरीत उरकली. माझी बॅग सायकलच्या कॅरिअरला सुतळीनं बांधली, हँडलला डफ अडकवला आणि आम्ही दोघं फाट्याकडे चालत निघालो. दर दहा घरांमागे ते थांबत, डफावर चार थापा मारत आणि ओरडत, "आयका हो आयका! सोमवारी तलाठी साहेब येनार हायेत. ज्याईचं सातबाराचं काम असन त्याईनं शाळेजवळ यावं!" मग आवाज खाली आणून मला विचारत, "स्वेटर वरतच ठेवला ना?" पुन्हा थापा, पुन्हा तलाठी, पुन्हा माझा स्वेटर.

बाया दारात येऊन हसत होत्या. एकीनं विचारलंच, "काऊन कोतवालभाऊ, पोरीचीबी दवंडी देऊन राह्यले का?"

"हिची कायले देतो? हिचाच आवाज माह्यापेक्षा मोठा हाये," बाबा म्हणाले.

फाट्यावर एक पांढरी जीप उभी होती. तिच्या टपावर तीन पायांची यंत्रं बांधलेली. तशा जीपा त्या वर्षी आमच्या रस्त्याला रोज दिसायच्या. काचेआडचा माणूस मी कधी पाहिलेला नव्हता. त्यानं काच खाली केली आणि म्हणाला, "निघाल्या का प्रज्ञा मॅडम? बरं केलं. हॅपी जर्नी." बाबांनी सायकल स्टँडवर लावली, बॅग सोडली, आणि त्या माणसाकडे न बघता मला म्हणाले, "तिकडं कोनी कागद पुढं केला तं आधी पुरा वाचजो. मंग सही."

मी हसले. गावाला सही करायला मी शिकवलं होतं आणि हे मला सांगत होते! चंद्रपूरची एसटी आली. मी चढले. मागच्या काचेतून बघितलं तर बाबा परतीच्या वाटेला लागले होते. जीप तिथंच होती.

घरचे सांगतात, पोरगी शिकायला गेली. मी इथं खरं लिहिते, कारण हे वाचणारे अर्धे गावात आहेत आणि अर्धे माझ्यासारखे निघून गेलेले. मी निघून गेले. पोंभुर्ण्याच्या पुढं, जंगलाच्या कडेला आमचं गाव आहे. नाव लिहीत नाही, प्रकरण चालू आहे. गावामागं डोंगरी आहे, डोंगरीच्या माथ्यावर गोंड लोकांचा पेनठाणा, म्हणजे देवाची जागा, आणि डोंगरीच्या पोटात लोखंड. आता हे एवढं सांगितल्यावर पुढची गोष्ट महाराष्ट्रातल्या कुठल्याही शहाण्या माणसाला कळते. दोन वर्षं मी पत्रकं काढली, सभा घेतल्या. पत्रकातल्या मजकुराबद्दल चौकशी करायची म्हणून तीन वेळा ठाण्यात बोलावलं, चौथ्यांदा गुन्हा नोंदवला. तेवढ्यात बर्लिनची शिष्यवृत्ती आली. नागपूरला असताना मी दोन वर्षं जर्मन शिकले होते, ते कामाला आलं. वकिलानं जाण्याची परवानगी मिळवून दिली आणि मी गेले. कुणी मला हाकललं नाही. म्हणून तर जास्त लागतं.

इथं बर्लिनला आल्यावर पहिल्या दोन आठवड्यांत आन्मेल्डुंग करावं लागतं. मी अमुक घरात राहते हे सरकारी कचेरीत जाऊन कळवायचं. घरमालकाचा कागद, माझा कागद, त्यावर शिक्का. मला ते फार आवडलं. एक माणूस एका जागी राहतो याची कुणीतरी नोंद घेतली! आमच्या गावात लोक पिढ्यानपिढ्या राहतात, आणि डोंगरीच्या अहवालात 'प्रकल्पक्षेत्रात कायम वस्ती नाही' असं छापून येतं. मी वे-गेत राहते, म्हणजे तिघींचा एक फ्लॅट. शनिवारी मी पुत्सेन करते, म्हणजे जिना पुसते. ब्रेडवर ठेचा लावून खाते. रविवारी लोक जंगलात फिरायला जातात, रिकाम्या हातानं जातात आणि रिकाम्या हातानं येतात. पहिल्यांदा मी त्यांच्यासोबत गेले तेव्हा सवयीनं खाली बघत चालत होते. माझी मैत्रीण म्हणाली, "काही हरवलं का?" काय सांगू? आमच्याकडे जंगलात नजर खाली ठेवूनच चालतात. मोहफूल असतं, मशरूम असतं, कधी वाघाचा पाय उमटलेला असतो.

माझं काम विचित्र आहे. जर्मन सरकारनं कोरियाकडे जे दूत पाठवले, त्यांच्या जुन्या अहवालांची यादी करायची. प्राध्यापिकेला जर्मन येणारी आणि जुनं हस्ताक्षर शिकायची तयारी असलेली मुलगी हवी होती. मला व्हिसा हवा होता. कोरियाशी माझा संबंध शून्य. ते अक्षर वाचायला शिकायला चार महिने लागले. पावसात भिजलेल्या कुंपणाच्या तारेसारखं अक्षर. पण एकदा लागलं आणि माझी झोप गेली, कारण मला ती माणसं ओळखीची वाटायला लागली.

थोडक्यात सांगते. कोरियाचा राजा दार लावून बसला होता. १८७० मध्ये जपानमधला जर्मन दूत लढाऊ जहाज घेऊन तिथल्या बंदरावर गेला. मैत्री करायला! तिथल्या अधिकाऱ्यांनी सांगितलं, आम्हाला नको, परत जा. आणि तो परत गेला. हे वाचून मी अर्काईव्हच्या शांत खोलीत मोठ्यानं 'वा' म्हणाले आणि बोलणी खाल्ली. पण १८८३ मध्ये करार झालाच. मैत्री, व्यापार, दळणवळण. मग सोलमध्ये कचेरी, झेंडा, वाणिज्यदूत. एक जर्मन तर राजाचा सल्लागार झाला, कोरियन भाषा शिकला, त्यांचे कपडे घालून फिरला. ही सगळी वाईट माणसं होती असं मी म्हणणार नाही. त्यांच्यातल्या एकानं १८८५ मध्ये कोरियाला सल्ला दिला होता की तुम्ही तटस्थ राहा, कुणाच्याच भांडणात पडू नका. कुणी ऐकलं नाही. पण पुढं आणखी बारा वर्षांनी दुसरा दूत राजदरबारात सोन्याच्या खाणीचा हक्क मागायला बसला, आणि मिळेपर्यंत उठला नाही. त्या डोंगरातल्या लोकांनी विरोध केला. सोनं फारसं लागलं नाही म्हणतात. डोंगर मात्र खणला गेला.

माझ्यासोबत जी-उन नावाची कोरियन मुलगी काम करते. कोरियन कागद ती बघते, जर्मन मी. तिनं एकदा मला विचारलं, "तू प्रत्येक अहवालाच्या झेरॉक्सवर कडेला पेन्सिलीनं तीच एक खूण का करतेस?"

मी म्हटलं, "बघ ना. आधी हवापाणी, मग रस्ते, मग लोक किती भोळे आणि पाहुणचार किती छान, आणि मग जमिनीत काय आहे. जवळजवळ याच क्रमानं. आमच्या गावाचा अहवालही असाच आहे, फक्त तो कॉम्प्युटरवर टाइप केलाय."

"पण हे राजाकडे आलेले दूत आहेत," ती म्हणाली. "लोकांकडे कुणी दूत पाठवत नाही. तुमच्याकडे तर राजा नाही, मग ते कुणाकडे येतात?"

मी पुढचा अहवाल उघडला. उत्तर जूनमध्ये मिळालं.

पण त्याआधी सहीची गोष्ट सांगायला हवी. ती माझी गोष्ट आहे आणि तिच्यात मी चांगली दिसत नाही.

आमच्या गावची एक जुनी रीत आहे. सभेत कुठलाही कागद आला की तो आधी मोठ्यानं वाचायचा आणि मग हातोहात फिरवायचा. ज्याला वाचता येतं त्याच्याही हातात जाणार, ज्याला येत नाही त्याच्याही. माणूस तो उलटसुलट बघणार, कोरी जागा कुठे कुठे आहे ते विचारणार, शिक्क्यावर बोट फिरवणार, आणि पुढच्याला देणार. एक म्हातारा तर वास घ्यायचा. कागद सगळ्यांच्या हातून फिरून परत आला आणि कुणी 'नाई' म्हटलं नाही, की मग सह्या आणि अंगठे. या सगळ्याला अख्खा दिवस लागे. कधी दोन.

आणि याच रीतीमुळं आमचे ठराव मार खात होते. डोंगरी द्यायची नाही असा ठराव आम्ही दोनदा पाठवला, दोनदा परत आला. शेरा एकच: पुरेसे सदस्य हजर असल्याचा पुरावा नाही. कागद फिरून येईपर्यंत निम्मे लोक ढोरांमागं गेलेले असायचे, बाया चुलीकडे. सह्या तीसच पडायच्या. मी चोवीस वर्षांची होते, कायद्याचं पुस्तक पाठ होतं आणि डोकं तापलेलं होतं. मी नवी पद्धत आणली. सभेला आलं की पहिल्यांदा सही. पानाचा वरचा अर्धा भाग कोरा सोडायचा, त्याखाली सह्या घ्यायच्या, चर्चा झाली की ठराव वर लिहायचा. म्हणजे कोरम नाही म्हणायची कुणाची हिंमत होणार नाही. पत्रकच काढलं: 'हजेरी आधी, विषय नंतर'. पोंभुर्ण्याला रफिकभाईंचं झेरॉक्स आणि छपाईचं दुकान आहे, तिथं छापलं. त्यांनीच सांगितलं, "बाई, गुलाबी कागद घ्या. पांढरा सरकारी वाटते, लोक घाबरते." सहीचे वर्ग घेतले. म्हाताऱ्या बायांचा हात धरून नाव गिरवून घेतलं. अंगठ्याची शाई मी सभेत सगळ्यांदेखत मोरीत ओतली. टाळ्या पडल्या.

फक्त ताराबाई अडल्या. ताराबाई आमच्या वनहक्क समितीच्या अध्यक्ष. गोंड आहेत, साठीच्या, बोलतात कमी. त्यांनी रजिस्टर हातात घेतलं आणि विचारलं, "वरची जागा कोरी काऊन?"

"ठराव लिहायला."

"कोन लिवन?"

"आपणच की, ताराबाई. दुसरं कोण लिहिणार?"

"अन आमी वाचाचं कवा?"

मी काय म्हटलं ते मला शब्दन् शब्द आठवतं. मी म्हटलं, "हजेरी आहे ती. हजेरी काय वाचायची असते का?" सभा हसली. ताराबाईंनी सही केली. तिसरा ठराव एकशे बारा सह्यांनी गेला, आणि मंजूर झाला. आम्ही ढोल वाजवले. मला वाटलं, मी गावाला दोनशे वर्षं पुढं आणलं.

या फेब्रुवारीत गावात पाहुणे आले. मी तेव्हा इथं बर्फ बघत होते. खाणीच्या कंपनीनं पाठवलेले, 'संवाद पथक' असं त्यांचं नाव. डोळे तपासायचं शिबिर, चष्मे, बुंदी आणि गप्पा. आदल्या दिवशी एक साहेब बाबांकडे आले आणि म्हणाले, उद्या डोळ्यांचं शिबिर आहे, दवंडी द्या, सगळ्यांनी यायला पाहिजे. बाबांनी दिली. माझे बाबा कोतवाल आहेत. आता त्या पदाला महसूल सेवक म्हणायचं असतं, पण गाव कोतवालच म्हणतं. माझ्या आजोबांनी छप्पन सालच्या धर्मांतरानंतर गावाचं हे सांगत फिरण्याचं काम सोडलं होतं. काठी घराच्या मागं पुरली आणि सांगितलं, आता आपण कुणाचा निरोप घेऊन दारोदार जाणार नाही. बाबांनी तेच काम सरकारी नोकरी म्हणून परत घेतलं. आजोबा त्यांच्याशी वर्षभर बोलले नाहीत. बाबा म्हणत, "हे येगळं हाये. आता मी कोनाचा नोकर नाई, सरकारचा हाये." घरात हे भांडण मी लहानपणापासून ऐकलंय. कुणाची बाजू घ्यायची ते अजून कळलेलं नाही.

तर दवंडी झाली, शाळेचं पटांगण भरलं. पाहुण्यांना चहा झाला, पाणी झालं. आणि मग त्यांच्यातल्या एका बाईनं रजिस्टर उघडलं. कुणी सांगायच्या आधीच लोक रांगेत उभे राहिले. हजेरी आधी! म्हाताऱ्या बायांनी पदराला हात पुसून नावं लिहिली, एकमेकींच्या सह्या पाहून हसल्या. पाहुणे खूश झाले म्हणतात. "इथली माणसं फार जागरूक आहेत हो." पानाचा वरचा अर्धा भाग कोरा होता. का आहे, असं कुणी विचारलं नाही. मी ती विचारायची सवय मोडली होती.

जूनमध्ये रफिकभाईंनी मला फोटो पाठवला. कुठल्यातरी कामाची झेरॉक्स काढायला आलेल्या माणसाच्या गठ्ठ्यात तो कागद होता. वरच्या कोऱ्या भागात टाइप केलेला ठराव: ग्रामसभेने प्रकल्पास सविस्तर चर्चेअंती संमती दिली. खाली सह्या. ताराबाईंची. म्हाताऱ्यांची, मी हात धरून गिरवून घेतलेली अक्षरं. आणि सगळ्यात खाली, 'सभेची सूचना गावात दवंडीने दिली', त्यापुढं बाबांची सही. बाबांनी ती मागाहून कचेरीत केली होती, दहा कागदांसोबत.

मी दुपारी फोन केला. तिकडं दिवस कलायला आला होता.

"बाबा, काय सांगून दवंडी दिली होती तुम्ही?"

"शिबिर. डोळ्याचं शिबिर म्हून सांगतलं मले, तेच बोललो."

"आणि दवंडी दिली म्हणून सही केली तो कागद? वाचला होता?"

फोनमध्ये कुणाचीतरी बकरी ओरडत होती. मग बाबा म्हणाले, "दवंडीची हजेरी होती ते. हजेरी वाचाची असते का बाई?"

त्यांनी मला टोमणा मारला नव्हता. त्यांना खरंच तसं वाटत होतं. मीच शिकवलं होतं.

जी-उनला उत्तर देऊन टाकलं मी दुसऱ्या दिवशी. राजा नसला की ते माझ्या बापाकडे येतात. गावाचा ज्याच्या आवाजावर विश्वास आहे तो माणूस आधी हेरतात. परका दूत लोकांकडे पाठवायची गरजच नसते. घरातलाच दूत तयार असतो, डफ घेऊन.

गावानं बाबांना काही म्हटलं नाही. ते म्हटलं असतं तर बरं. बाबा डफ घेऊन निघाले की लोक दार लावून घेत नाहीत, शिव्या देत नाहीत. नुसतं ऐकत नाहीत. बाया भांडी घासत राहतात. एकदा गावातल्या पोरांना लस टोचायची होती, बाबांनी तीन फेऱ्या मारल्या, एकही आई आली नाही. ताराबाईंनी मला फोनवर सांगितलं, "तुह्या बाबाच्या आवाजावर आलो होतो आमी. आता तो आवाज आला का लोक म्हनते, काय मांगाले आला असन."

ऑक्टोबरपासून डोंगरीवर झाडांना आकडे टाकायला सुरुवात झाली आहे. पिवळा रंग, प्रत्येक बुंध्यावर एक नंबर. पेनठाण्याच्या मोहालाही नंबर पडला. गावानं संमतीच्या कागदावर हरकत घेतली आहे आणि सुनावणी पुढच्या महिन्यात आहे. वकिलाचं म्हणणं सरळ आहे. सह्या खऱ्या आहेत, त्या नाकारता येणार नाहीत. पान कोरं होतं हे सिद्ध करावं लागेल. त्यासाठी दोन माणसं पाहिजेत. एक, ज्यानं दवंडी दिली तो. त्यानं सांगायला पाहिजे की सभेची सूचना नव्हती, शिबिराची होती, आणि कचेरीतल्या कागदावर आपण न वाचता सही केली. दुसरी, जिनं कोऱ्या पानाची पद्धत आणली ती. समोर उभं राहून, उलटतपासणीला.

पहिला बोलला तर त्याची नोकरी जाते, कदाचित त्याच्यावरच खोटा दाखला दिल्याचा गुन्हा होतो. दुसरी गेली तर तिच्यावरचा जुना गुन्हा आहेच, पासपोर्ट विमानतळावरच जमा होऊ शकतो. म्हणजे शिष्यवृत्ती गेली, वे-गेची खोली गेली, कदाचित आणखीही काही. मी वकिलाला विचारलं, प्रतिज्ञापत्र पाठवलं तर? नोटरी करून, वकिलातीचा शिक्का मारून? ते म्हणाले, "पाठवा की. फाइलला लागेल."

फाइलला लागेल! त्याच आठवड्यात प्राध्यापिकेनं आम्हाला एक प्रत दाखवली. १९०५ मध्ये जपाननं कोरियाचा परराष्ट्र कारभार ताब्यात घेतला आणि सगळ्या दूतांनी आपापल्या कचेऱ्या बंद केल्या. जर्मन झेंडाही उतरला. त्यानंतर कोरियाच्या सम्राटानं गुपचूप जर्मन सम्राटाला पत्र लिहिलं. मदत करा, माझं राज्य गिळलं जातंय. पत्र बर्लिनला पोचलं. ते जर्मन सम्राटाला दाखवलंच नाही असं अभ्यासक सांगतात. शंभर वर्षं ते नीट घडी करून, क्रमांक टाकून ठेवलेलं होतं. इतकं नीट की आजही अक्षर पुसलेलं नाही. जी-उन प्रत बघून बाहेर निघून गेली. मी मागं गेले. ती जिन्यावर बसली होती. म्हणाली, "मला सगळ्यात जास्त राग कशाचा येतो सांगू? की पत्र हरवलं नाही."

मी इथं बसून शंभर पत्रकं लिहू शकते. दोन भाषांत. लोक सही करतात, हृदयाचं चिन्ह टाकतात, पुढं पाठवतात. मी त्या जिन्यावर बसून फोनमधला माझ्या प्रतिज्ञापत्राचा मसुदा पुसून टाकला.

मग बाबांनी जे केलं ते मला रफिकभाईंकडून कळलं. ते त्या दिवशी सामान द्यायला आमच्या गावात होते. रविवारी सकाळी बाबांनी डफ घेतला आणि निघाले. कुणी साहेब आलेला नव्हता, कुठला हुकूम नव्हता. चौकात उभं राहून त्यांनी थापा मारल्या आणि ओरडले, "आयका हो आयका! हे सरकारची दवंडी नाई. हे माही हाये. फेब्रुवारीत मी तुमाले डोळ्याचं शिबिर म्हून बोलावलं. मंग कचेरीत सभा झाली म्हून सही केली. मी वाचलं नोयतं. हे मी सायबापुढंबी सांगनार हावो!" दर दहा घरांनी थांबले आणि हेच सगळं पुन्हा सांगितलं, एक शब्द इकडचा तिकडं न करता, जसं तलाठ्याचं सांगतात तसं. बाया भांडी घासायच्या थांबल्या, रफिकभाई म्हणाले. पण कुणी जवळ आलं नाही.

"अन मंग?" मी विचारलं.

"मंग काय बाई, दुसऱ्या रोजी नोटीस आली त्याईले. निलंबन. अन..." त्यांनी आवाज खाली आणला. "दुकानात दोन मानसं आले होते. तुमचं घर कोनतं, बाबा सकाळी कुठी जाते, सायकल कोन्या रस्त्यानं नेते, सब पूछ के गये. चांगल्या बोलीतले होते. चाय घेऊन आले होते माह्यासाठी."

मी बाबांना लगेच लावला. त्यांनी उचलला. मी म्हटलं, बाबा काही दिवस सायकल काढू नका, घरातच थांबा. ते म्हणाले, "घरातच हावो. डफ जमा केला ना आता." आणि विचारलं, "तिकडं थंडी पडली का?"

तिकीट काढलं आहे. प्राध्यापिकेला सांगितलं. ती चांगली बाई आहे. तिनं विचारलं, "तुमच्या दूतावासाशी बोललीस का?" मी हो म्हटलं. बोलले होते. त्यांनी माझा अर्ज क्रमांक लिहून घेतला.

काल ताराबाईंचा फोन आला. सुनावणीच्या दोन दिवस आधी गावानं सभा ठेवली आहे. दवंडी नाही, घरोघर जाऊन बाया सांगतायत. मला वाटलं, माझ्या साक्षीची तयारी करून घेणार असतील, मुद्दे काढायचे असतील. मी म्हटलं, मी नोट्स काढून आणते.

"नोट नोको आनू," ताराबाई म्हणाल्या. "कागदच नोको आनू. तुले विचाराचं हाये आमाले. ते कोरी जागा तू काऊन ठेवली, ते. कोर्टात सायेब विचारन त्याच्या आधी आमी विचारनार."

"रागावलेत का लोक?"

"मंग? लाडू चारतीन का तुले? तुह्या बाबानं सांगून टाकलं सबाईसमोर. तू बाकी हायेस."

मी विचारलं, "आणि मी काय सांगू त्यांना?"

"आल्यावर सांगजो," त्या म्हणाल्या आणि फोन ठेवला.

इथं मला दोन वर्षांत कुणी असं बोललं नाही. इथं लोक माझं ऐकतात, माना डोलवतात, 'हे फार धाडसाचं आहे' म्हणतात. त्यांचं काही बिघडलेलं नाही माझ्यामुळं, मग ते मला कशाला विचारतील? मी जिथं राहते ती जागा सरकारी कचेरीत नोंदलेली आहे, आणि तरी मी उद्या नसले तर एका जिन्यापलीकडे काही अडणार नाही. हे मी तक्रार म्हणून लिहीत नाही. तुमच्यातले जे बाहेर आहेत त्यांना हे सुख माहीत आहे, आपण कुणाला काही देणं लागत नाही याचं. मला ते आवडायला लागलं होतं.

नागपूरला उतरल्यावर विमानतळावर कोण असेल ते माहीत नाही. वकील असेल, किंवा ठाण्याची गाडी, किंवा चांगल्या बोलीतली दोन माणसं. तिथून गावापर्यंत पोचले तर शाळेच्या पटांगणात माणसं बसलेली असतील, आणि ती मला बसायला सांगणार नाहीत. म्हाताऱ्या बाया ज्या हातांना मी अक्षर शिकवलं ते हात मांडीवर ठेवून माझ्याकडे बघतील. बाबा कडेला, इतरांसारखे खाली बसलेले असतील. आणि ताराबाई विचारतील.

जगात मला उभं करून हे विचारायचा हक्क असलेली एवढीच माणसं आहेत. माझ्यासाठी घर म्हणजे आता तेवढंच पटांगण. उत्तर तयार नाही. तरी जातेय.